वल्लारपाडमचा सोहळा आणि कूनम्मावची शाळा

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

केरळमधील कॅथलिक जोगीण मदर एलिश्वा यांना ८ नोव्हेंबर २०२५ रोजी वल्लारपाडम येथील बॅसिलिकेत ‘धन्य’ (संतपदाच्या अलीकडची पायरी) घोषित करण्यात आले. माझ्या वाचनात आलेल्या बातम्यांत सोहळ्याला आणि त्यासाठी चर्चने मान्य केलेल्या चमत्काराला भरपूर जागा होती. मुलींच्या शिक्षणाचे त्यांचे काम मात्र एका ओळीत उरकलेले दिसले, म्हणून हे पत्र.

एलिश्वा वाकयिल यांचा जन्म १८३१ साली कोचीजवळच्या वायपीन बेटावरील ओच्चंतुरुत्त येथे झाला. सोळाव्या वर्षी लग्न झाले आणि काही वर्षांतच, पदरी एक तान्ही मुलगी असताना, वैधव्य आले. माहेरच्यांचा पुनर्विवाहाचा आग्रह त्यांनी मानला नाही. पुढे कार्मेलाइट या कॅथलिक संन्यासी संघाच्या इटालियन धर्मगुरूंच्या साहाय्याने १३ फेब्रुवारी १८६६ रोजी, मुलगी अन्ना आणि बहीण त्रेसिया यांना बरोबर घेऊन, त्यांनी कूनम्माव येथे जोगिणींचा मठ सुरू केला. त्या मठाच्या भिंती बांबूच्या चटयांच्या होत्या. दोनच वर्षांत तेथे मुलींची शाळा भरू लागली आणि निराधार मुलींसाठी वसतिगृह व अनाथालयही उभे राहिले. पुण्यात महर्षी कर्व्यांनी विधवांसाठी आश्रम काढला तो १८९६ साली, हे ध्यानात घेतले म्हणजे एका तरुण विधवेच्या या धडपडीचे मोल कळते.

आपल्या जुन्या गोव्यात सांता मोनिकाचा भव्य मठ १६०६ पासून उभारला गेला. पण तेथील जोगिणींचे जीवन चार भिंतींआडचे होते. कूनम्मावच्या स्थानिक, मल्याळी बोलणाऱ्या बायकांनी मठाचे दार गावातल्या मुलींसाठी उघडे ठेवले, हा फरक मला महत्त्वाचा वाटतो. पुढे १८९० मध्ये केरळच्या कॅथलिकांतील सिरियन आणि लॅटिन या वेगळ्या उपासनापद्धतींच्या पंथांची वाटणी झाली, तेव्हा आपणच उभा केलेला तो मठ सोडून लॅटिन पंथातल्या मदर एलिश्वांना वरापुझा येथे नव्याने मांडामांड करावी लागली. वय साठीला टेकलेले होते. तेथेच १९१३ साली त्यांचे निधन झाले.

पोर्तुगीज अमदानीच्या आठवणींमुळे अशा चरित्रांकडे आपल्याकडची हिंदू घरे थोडी अंतर राखून पाहतात, आणि ते अकारण आहे असे मी म्हणणार नाही. परंतु याच घरांतील कित्येक लेकी सिस्टरांच्या शाळांत शिकल्या आहेत. आपल्या रविवार पुरवणीत सावित्रीबाई आणि पंडिता रमाबाई यांच्यावर लेख येतात, त्याच पंक्तीत मदर एलिश्वांच्या शैक्षणिक कार्यावरही एक सविस्तर लेख यावा, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त शिक्षक, फोंडा