ते बोल अर्थहीन नाहीत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या रविवार पुरवणीतला ‘मोआना’ या डिस्ने अ‍ॅनिमेशनपटाच्या संगीतावरचा लेख वाचला. आपल्या पेपरात त्यात गाणाऱ्या ‘ते वाका’ या बँडवर काही छापून आलं याचा आनंद दोन परिच्छेदही टिकला नाही. लेखकाने त्यांना ‘हवाईचा बँड’ म्हटलंय आणि त्यांच्या गाण्यांचे बोल ‘अर्थहीन पण गोड’. पहिली चूक एक वेळ सोडून देता येईल, दुसरी नाही.

हा बँड १९९५ पासून न्यूझीलंडमधला. त्याचे प्रमुख ओपेताइआ फोआई सामोआत जन्मले. वडील टोकेलाऊचे, आई तुवालूची; तिन्ही पॅसिफिकमधले बेटांचे प्रदेश. बँडचं व्यवस्थापन पत्नीकडे आणि मुलंही त्यात गातात-वाजवतात. चित्रपट सुरू होताना कानी पडतो तो आवाज त्यांच्या लेकीचा, ओलिव्हियाचा. ओंडका पोखरून केलेला ‘पाते’ हा ढोल आणि गिटार ते एका तालात बांधतात. टोकेलाऊपासून हवाई साडेतीन हजार किलोमीटरहून लांब आहे हो!

माझी लेक वेलिंग्टनजवळ पोरिरुआला राहते. तिची शेजारीण टोकेलाऊची. एका दुपारी ती चहाला आली होती आणि नातीने ‘मोआना’ लावला होता. लहानगी मोआना समुद्राशी खेळते, तिथली चाल सुरू झाली तशी शेजारणीने कप खाली ठेवला. चाल संपेपर्यंत मान वर केली नाही. मग सांगितलं, की ही मुळात ‘लोइमाता ए मालिंगी’ची चाल, म्हणजे ‘अश्रू ओघळतात’. मार्च २००० मध्ये तुवालूच्या वाइतुपू बेटावर मुलींच्या वसतिगृहाला आग लागली. १८ मुली आणि त्यांची मेट्रन गेली. फोआईंनी त्यांच्यासाठी हे गाणं केलं. चित्रपटात त्याच चालीवर दुसरे शब्द आहेत, पण शब्दच आहेत. सांगता सांगता बाईंचे डोळे भरले. चहा तसाच गार झाला.

टोकेलाऊ म्हणजे तीन कंकणद्वीपं, जेमतेम दीड हजार माणसं. विमानतळ नाही, सामोआहून बोटीने जायला दिवसाहून जास्त लागतो. इतक्या थोड्यांची भाषा या बँडच्या गाण्यांतून जगभरच्या मुलांच्या तोंडी गेली ती फोआईंच्या या एका घरामुळे, आणि आपण तिला अर्थहीन म्हणायचं? मी वसईची. घरी कादोडी ही इथली बोली बोलतो. चौथीत असताना आजीकडून ऐकलेलं लग्नातलं गाणं वर्गात म्हटलं, तेव्हा बाईंनी विचारलं होतं, “याला काही अर्थ आहे का गं?” सगळा वर्ग हसला. त्यानंतर मी ते कुणापुढे म्हटलं नाही.

येत्या रविवारी दुरुस्ती छापावी, भाषांची नावं घालून. आणि आतल्या पानाच्या कोपऱ्यात बारीक टायपात नको. वाचकांची पत्रंही हल्ली तुम्ही तशीच छापता. माझ्यासारख्या सत्तरीतल्या बाईला भिंग घेऊन बसावं लागतं.

आपली,
एक जुनी वाचक, वसई