युद्धवार्तांत सैनिकाचा दिनक्रमही यावा

संपादक महोदय,

युद्धाच्या बातम्यांत हल्ले, क्षेपणास्त्रे आणि जिंकलेली ठाणी यांना ठळक जागा मिळते. मात्र आघाडीवरच्या सैनिकाचा बहुतेक वेळ ज्यांत जातो, तो पहारा, खोदकाम, ओझी वाहणे आणि अपुरी झोप यांविषयी वाचकाला फारसे काही कळत नाही, ही मला मोठी उणीव वाटते.

पहिल्या महायुद्धात पश्चिम आघाडीवरील ब्रिटिश खंदकांत उजाडण्यापूर्वी सगळी तुकडी बंदुकांना संगिनी लावून सज्ज उभी राहत असे, कारण अंधुक उजेडात हल्ल्याचा धोका अधिक. तिन्हीसांजेला पुन्हा तेच. दिवसा बंदुकांची सफाई, तपासणी आणि जमेल तेव्हा डुलकी. कष्टाची कामे अंधार पडल्यावर सुरू होत : काटेरी तारा दुरुस्त करणे, ढासळलेल्या कडांना वाळूची पोती लावणे, मागून रसद वाहून आणणे. पाणी अनेकदा पेट्रोलच्या डब्यांतून येई आणि चहालाही तोच वास लागे. कपड्यांच्या शिवणींत दडलेल्या उवा मारण्यासाठी सैनिक त्यांवरून मेणबत्तीची ज्योत फिरवत.

चिखलपाण्यात तासन्‌तास उभे राहून पाय सुजत, बधिर होत आणि कुजतही. १९१४-१५च्या हिवाळ्यात ब्रिटिश सैन्यातील सुमारे २०,००० जणांना हा विकार जडला. पुढे मोजे बदलणे आणि पायांना व्हेल माशाचे तेल चोळणे सक्तीचे झाले, अधिकारी स्वतः पाय तपासू लागले आणि प्रमाण पुष्कळ घटले. कोरड्या मोज्यांवर लढण्याची ताकद अवलंबून असते, हे नुसते नकाशे पाहून कसे उमगावे?

घरी खुशाली कळवण्यासाठी छापील पोस्टकार्ड मिळे. 'मी ठीक आहे', 'मला रुग्णालयात दाखल केले आहे' अशा ओळींपैकी लागू नसतील त्या खोडायच्या. तारीख व सहीखेरीज काही लिहिल्यास कार्ड नष्ट केले जाई. आईला धीराचे चार शब्द लिहिण्याचीही त्यावर सोय नव्हती, याचे मला फार वाईट वाटते.

आज युक्रेनमध्ये ड्रोनच्या टेहळणीमुळे पुढच्या ठाण्यांवर पाणी पोहोचवणे आणि थकलेल्या सैनिकांची बदली करणे हेच जिवावरचे काम झाले आहे. तेव्हा यापुढे एखाद्या आघाडीचे वृत्त देताना तिथले सैनिक किती दिवस सलग तैनात आहेत, त्यांना झोप कितपत मिळते, अन्नपाणी आणि घरची पत्रे कशी पोहोचतात, हेही आपल्या वृत्तपत्राने आवर्जून द्यावे, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक