फोटोखालची एक ओळ

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

रविवारच्या पुरवणीतला गंगेवरचा लेख वाचला. गोमुखापासून समुद्रापर्यंतचे 2525 किलोमीटर लेखकाने झकास फिरवून आणले. पण सोबतच्या फोटोखाली ‘वाराणसी येथील एक घाट’ एवढंच छापलंय, ते खटकलं. पाण्यात कलंडलेलं ते देऊळ रत्नेश्वर महादेवाचं. त्याला लागून जो आहे तो शिंदे घाट. ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंद्यांनी 1830 च्या सुमारास तो बांधवला. दगडाचं ओझं काठाला पेललं नाही नि बांधकाम खचलं, असं सांगतात.

मी निवृत्त शिक्षिका. तीन वर्षांपूर्वी सहलीबरोबर काशीला गेले होते. दीड दिवसात दर्शन, आरती आणि (बराच वेळ) साड्यांचं दुकान! दुसऱ्या दिवशी पहाटे कुणाला न सांगता दशाश्वमेधावरून निघाले. हा घाट नानासाहेब पेशव्यांनी 1748 मध्ये बांधवल्याचं सांगतात. विश्वनाथाचं देऊळ अहिल्याबाईंनी 1780 मध्ये उभारलेलं. गंगा तिथे उत्तरेकडे वाहते, मीही तिच्याबरोबर चालले. मणिकर्णिका, शिंदे, भोसले, पंचगंगा. दुर्गा घाटाच्या पायऱ्यांवर एका आजींनी माझं नऊवारी पाहून विचारलं, “कुठून आलात?” शब्द मराठी, हेल बनारसी. त्यांच्या किती पिढ्या तिथेच गेल्या, ते त्यांनाही सांगता येईना.

पैठणच्या एकनाथांनी भागवत पुरं केलं ते काशीतच, 1573 मध्ये. शिवरायांना 1674 मध्ये राज्याभिषेक करणारे गागाभट्ट काशीचे, पण घराणं मूळचं पैठणचं. गोदाकाठची माणसं गंगाकाठी अशी रुजली, आणि गंगा आमच्याकडे आली ती गडूतून. आजीच्या देवघरात डाख लावून तोंड बंद केलेला तांब्याचा गडू होता. आम्ही मुलं तो कानाशी धरून हलवायचो, पाणी आहे ना बघायला. आजोबांच्या शेवटच्या दिवशी तो फोडला, तेव्हा तो आवाज कायमचा गेला.

लेखात यातलं अवाक्षर नाही. लेखकाला दोष देत नाही, एका पानात मावणार तरी किती? फोटोखालची ओळ मात्र पुढच्या रविवारी दुरुस्त करून छापावी: ‘शिंदे घाट, वाराणसी.’

आपली,
एक जुनी वाचक