घोंगडी घेण्याआधी

सोलापूर

प्रिय सुधीर,
सप्रेम नमस्कार.

काकांसाठी चादर नको, घोंगडीच बघ म्हणालास ते बरं केलंस. सोलापूर म्हटलं की लोक जेकार्डच्या, म्हणजे मागावरच नक्षी विणलेल्या, सुती चादरीपाशीच थांबतात. सांगोला-मंगळवेढ्याच्या माळावरची दख्खनी मेंढी कुणाला आठवत नाही.

दुकानात ‘शुद्ध लोकर’ सगळेच म्हणतात. तू दशीतून धागा ओढून जाळून बघ. केस जळल्याचा वास आला आणि राख चिमटीत भुगा झाली तर लोकर. कडक गोळी उरली तर ॲक्रिलिक. उभा आणि आडवा, दोन्ही धागे तपास. ताणा, म्हणजे उभे धागे, सुती घालून वर लोकर भरणारेही आहेत. सुती धाग्याला कागद जळल्यासारखा वास येतो. काळ्या घोंगडीवर ओलं पांढरं फडकं घास. मेंढीचा स्वतःचा काळा रंग फडक्याला लागत नाही.

नवी घोंगडी पुठ्ठ्यासारखी ताठ लागली तर नाक मुरडू नकोस, ती चिंचोक्याची खळ. हातानं कातलेल्या लोकरीच्या धाग्याला लव फार. मागावर ताणा उघडताना शेजारचे धागे एकमेकांत अडकतात आणि तुटतात. म्हणून चिंचोके भाजून, टरफलं काढून, भिजवून वाटतात नि शिजवतात. मोकळ्यावर ताणलेल्या ताण्याला ही खळ लावून कुंच्यानं विंचरत उन्हात वाळवतात. पातळ झाली तर लव बसत नाही. दाट झाली तर धागेच एकमेकांना चिकटतात. पावसाळ्यात ती वाळता वाळत नाही, काम रखडतं. आणि भाव करताना लोक फक्त मागावरचे दिवस धरतात, त्याआधीची पिंजण आणि बायकांची सूतकताई कुणी मोजतच नाही!

खळ जायला घोंगडी थंड पाण्यात बुडवून ठेवायची, हलकेच दाबायची, सावलीत आडवी वाळवायची. वॉशिंग मशिन, गरम पाणी, घासणं, पिळणं अजिबात नको. लोकरीच्या तंतूंवर बारीक खवले असतात, ते एकमेकांत रुततात आणि घोंगडी आटून नमद्यासारखी, दाबून केलेल्या लोकरीच्या जाड कापडासारखी, घट्ट होते. ती पुन्हा सैल होत नाही.

प्लॅस्टिकच्या पिशवीत कोंडू नका, दमटपणात बुरशी धरते. कसर, म्हणजे लोकर खाणारी कीड, लागू नये म्हणून अधूनमधून ऊन दाखवून झटकायची. कडुनिंबाचा पाला घालायचा तर पूर्ण वाळलेला.

काकांच्या अंगाला टोचेल अशी धास्ती असेल तर जावळाची घे. कोकराची पहिली कातरलेली लोकर, मऊ. पण थोडीच निघते, म्हणून महाग पडते. नुसती बसायला हवी असेल तर जाडीभरडीच चांगली, जास्त टिकते. कोणती बघू ते कळव, आणि लांबी-रुंदीही.

तुझा,
अविनाश