सोमवारी सही करण्याआधी

सातारा
शनिवार, ११ जानेवारी २०२५

चि. मुक्ता हिस,
अनेक आशीर्वाद.

काल तू फोन ठेवलास. पुन्हा लावला असता तर पुन्हा तेच झालं असतं, म्हणून लिहून काढतेय. बाबा फोटो काढून पाठवतील. आधी एक स्पष्ट करते, घर घेऊ नकोस असं मी म्हटलेलं नाही. पुनावळ्याचा फ्लॅट चांगला आहे, स्वयंपाकघरात उजेड आहे, पंचाहत्तर लाख हा भावही त्या भागात गैर नाही. आजींना पौषात सही नको आहे, ते तुमचं तुम्ही बघून घ्या. माझं म्हणणं एवढंच की गृहकर्जाची मुदत तीस वर्षांची नको.

"सगळेच तीसचं घेतात गं आई." घेतात, कारण त्यांना फक्त हप्ता दाखवला जातो. कर्ज ६० लाख, दर साडेआठ टक्के. वीस वर्षांना हप्ता ५२,०६९ रुपये, तीस वर्षांना ४६,१३५. महिन्याला ५,९३४ रुपये सुटतात, आणि तेवढ्यावर माणूस खूश होतो. आता एकूण रक्कम मांड. वीस वर्षांत बँकेला १ कोटी २५ लाख जातात, तीस वर्षांत १ कोटी ६६ लाख. एक्केचाळीस लाख जास्त, त्याच फ्लॅटसाठी, त्याच साठ लाखांवर. तीस वर्षांत नुसतं व्याजच १ कोटी ६ लाख होतं.

हे का होतं ते तुला कळतं, तरी सांगते. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्याचं व्याज दोन्हीकडे ४२,५०० च. वीसच्या हप्त्यातून मुद्दलात ९,५६९ जातात, तीसच्या हप्त्यातून फक्त ३,६३५. बँकेकडून परतफेडीचं पूर्ण शेड्यूल, म्हणजे महिन्यावार तक्ता, मागून घे, एक्सेलमध्ये देतात. त्यात व्याजाचा आणि मुद्दलाचा रकाना शेजारी शेजारी असतो. तीसच्या शेड्यूलमध्ये १२० वी ओळ काढ. दहा वर्षांत ५५ लाख ३६ हजार भरून झालेले असतील आणि शिल्लक असेल ५३ लाख १६ हजार. वीसच्या शेड्यूलमध्ये त्याच ओळीला शिल्लक ४२ लाख. वीसचंही काही फार गोड नाही म्हणा, निम्मं मुद्दल फिटायला तिथेही जवळजवळ चौदा वर्षं लागतात. लोक सात-आठ वर्षांनी घर विकायला काढतात आणि बँकेचा आकडा बघून हबकतात, ते यामुळेच.

आठवीत चक्रवाढ व्याजाची गणितं तू पेन्सिल चावत बसून सोडवायचीस. मागचं उत्तराचं पान मी स्टेपल करून ठेवायचे आणि तू न बघता सांगायचीस, बरोबरच आहे, तपासू नकोस. आणि असायचंही. एकदा तर पुस्तकातलंच उत्तर चुकीचं निघालं आणि तू दोन दिवस शाळेत सगळ्यांना ते सांगत फिरलीस. कशाबद्दल लिहीत होते मी? हां, मुदत.

तीस वर्षांत आणखी एक अडचण आहे, ती कोणी सांगत नाही. दर फ्लोटिंग आहे, म्हणजे बदलता. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेक रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्याला, आणि तीन महिन्यांतून एकदा तरी बँकेला त्यानुसार दर बदलावाच लागतो. दर वाढला की बँका सहसा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. तीस वर्षांच्या कर्जाला वाढायला जागाच नसते. साडेआठचा सव्वानऊ झाला की ६० लाखांवर महिन्याचं व्याज ४६,२५० होतं, म्हणजे तुझ्या अख्ख्या हप्त्यापेक्षा जास्त. पाऊण टक्का फक्त! मग बँकेला हप्ता वाढवावाच लागतो. "तीस म्हणजे आरामात" असं निखिल म्हणाला ना, त्याला ही बेरीज दाखव. वीसच्या हप्त्यात सव्वानऊलाही दरमहा पावणेसहा हजार मुद्दलात जातात, कर्ज लांबतं पण अडकत नाही.

पाऊण टक्का कुठे वाढतो, असं म्हणू नकोस. मे २०२० मध्ये रेपो ४ टक्क्यांवर होता. मे २०२२ पासून वाढत फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. ६.७ ने वीस वर्षांसाठी साठ लाख घेतलेल्याचा हप्ता ४५,४४४ होता. दोन वर्षांनी दर ९.२ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर उरलेल्या अठरा वर्षांची पस्तीस होतात. पगारातून हप्ता नेहमीसारखाच कापला जातो, म्हणून कित्येकांना पत्ताही नव्हता. अशा प्रकारांमुळेच ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. तू उत्तर दिलं नाहीस तर तुझ्या वतीने सोयीचं उत्तर कोण देईल, ते सांगायला नको. दर वाढल्याचा मेसेज आला की त्याच आठवड्यात लेखी कळव, हप्ता वाढवा, मुदत तीच ठेवा.

लेक्चर झालं, कळतंय मला. रागावू नकोस, आता व्यवहाराचं लिहिते.

पंचाहत्तर लाखांच्या फ्लॅटला बँक ८० टक्के देते. पंधरा लाख तुमचे, ते तयार आहेत. मुद्रांक शुल्क पुण्यात ७ टक्के म्हणजे ५,२५,०००, नोंदणी फी ३०,०००, बांधकाम चालू असल्यामुळे जीएसटी ५ टक्के म्हणजे ३,७५,०००. एकूण २४ लाख ३० हजार झाले, आणि सोसायटीचं आगाऊ मेंटेनन्स, प्रोसेसिंग फी, त्यावरचा १८ टक्के जीएसटी हे वेगळंच. मुद्रांक आणि नोंदणी बँक घराच्या किमतीत धरत नाही. ही फट पर्सनल लोनने भरायची कल्पना निखिलच्या मित्राची असेल, तर त्याला चहा पाजून परत पाठवा.

दस्त फक्त बाईच्या नावावर असला तर मुद्रांकात १ टक्का सवलत आहे, इथे ७५,००० रुपये. निखिल सहकर्जदार राहू शकतो, पण मालकीत त्याचं नाव आलं की सवलत गेली. हे तुम्ही दोघांनी बसून ठरवा, मी त्यात पडणार नाही. पण इंडेक्स टूवर, म्हणजे दस्तनोंदणीच्या उताऱ्यावर, एकटं तुझं नाव... आपल्या घरात आजवर कुणा बाईचं आलेलं नाही. माईंचंही नाही, आणि त्या घराचे हप्ते कोणी भरले हे तुला माहीत आहे. असो.

किंमत पन्नास लाखांच्या वर आहे, म्हणून बिल्डरला पैसे देताना १ टक्का टीडीएस, म्हणजे बिल्डरच्या नावचा कर, कापून तुम्हीच सरकारजमा करायचा. विसरलात तर व्याज आणि दिवसाला २०० रुपये लेट फी. बँक परस्पर बिल्डरला चेक देते तेव्हा हे हमखास राहून जातं.

ताबा डिसेंबर २०२७ चा सांगतायत. महारेराच्या, म्हणजे बिल्डरांवर देखरेख करणाऱ्या सरकारी प्राधिकरणाच्या, साइटवर प्रकल्पाच्या पानावर बिल्डरने स्वतः दिलेली तारीख असते, ती बघ, ब्रोशरवरची नको. तोवर बँक प्री-ईएमआय घेईल, म्हणजे उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज. सरासरी निम्मी रक्कम तीन वर्षं उचललेली राहिली तर ७,६५,००० रुपये जातात आणि मुद्दल एक रुपयाने कमी होत नाही. वर आताच्या वाकडच्या घराचं भाडं चालूच. झेपत असेल तर पूर्ण हप्ता आधीच सुरू करायला सांगा, बऱ्याच बँका करतात.

मंजुरीपत्राच्या गठ्ठ्यात कर्जाचा विमा असेल. दीड लाखाचा एकरकमी प्रीमियम, "कर्जातच घालतो मॅडम, तुम्हाला काही भरायला नको." वीस वर्षांत त्या दीड लाखाचे ३ लाख १२ हजार होतात. हा विमा घ्यायची सक्ती नाही. विमा हवाच, पण साधा टर्म प्लॅन, म्हणजे नुसता आयुर्विमा, स्वतंत्र घ्या, दोघांचाही. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो तुमच्याकडे राहतो.

करबचतीचं गाजर दाखवलं तर एवढंच विचार, कोणत्या पद्धतीत? नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही. जुनीत वर्षाला दोन लाखांपर्यंत आहे, तीही ताबा मिळाल्यावर. तीस टक्क्यांच्या टप्प्यात सेससकट ६२,४०० वाचतात, आणि पहिल्या वर्षाचं व्याज असतं पाच लाखांच्या वर.

निखिलचं एसआयपीचं, म्हणजे दरमहा ठरावीक रक्कम गुंतवायचं, म्हणणं मी ऐकलं. तीसचं घ्यायचं, हप्त्यातले सहा हजार म्युच्युअल फंडात. कागदावर बरोबर आहे. पण फंड किती देईल ते कोणी लिहून देत नाही, आणि कर्जात भरलेला रुपया साडेआठ टक्के नक्की वाचवतो, त्यावर करही नाही. आणि खरं सांगू, ते सहा हजार फंडात जात नाहीत. ते स्विगीत जातात.

आधी फेडायला घाबरू नका. व्यक्तीच्या फ्लोटिंग गृहकर्जावर प्रीपेमेंटचा दंड लावता येत नाही. वीस वर्षांच्या कर्जात दरवर्षी एक हप्ता जादा भरलास तर साधारण साडेसोळा वर्षांत मोकळी होशील. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवलास तर सव्वाबारा वर्षांत. आणि लवकर भर. पहिल्या वर्षाच्या अखेरीस भरलेला एक लाख पुढचं पावणेचार लाखांवर व्याज वाचवतो, पंधराव्या वर्षी भरलेला तोच लाख जेमतेम पन्नास हजार. भरताना अर्जात स्पष्ट लिही की हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी, आणि आठ दिवसांनी नवीन शेड्यूल काढून शेवटची तारीख सरकली का ते बघ. न लिहिल्यास काही ठिकाणी हप्ता कमी करतात आणि मुदत जिथल्या तिथे. पण त्याआधी सहा महिन्यांचे हप्ते वेगळे काढून ठेव, त्यांना हात लावायचा नाही. तुझ्या कंपनीत गेल्या वर्षी काय झालं ते तूच सांगितलं होतंस.

तुझी बत्तीस आणि कर्जाची तीस, बासष्ट. हा आकडा काल रात्रभर डोक्यातून गेला नाही. बासष्टाव्या वर्षी तुझ्या कंपनीत कोण आहे गं? आणि मधे एखादं वर्ष घरी राहावंसं वाटलं, कुठल्याही कारणाने, मी तो विषय काढत नाहीये, काढणार नाही असं बाबांना कबूल केलंय, पण राहावंसं वाटलंच तर एका पगारावर हप्ता निघायला हवा की नको? वीसचा हप्ता एका पगारावर निघत नसेल तर कर्ज पाच लाखांनी कमी करा. वरच्या मजल्याचे जादा पैसे आहेत त्यात, तिसऱ्या मजल्यावरूनही तोच डोंगर दिसतो.

सोमवारीच सही केली पाहिजे असं काही नाही. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या गृहकर्जाला बँकेला केएफएस, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, द्यावा लागतो. त्यात सगळे चार्जेस धरून वर्षाचा खरा दर, एपीआर, लिहिलेला असतो. तो दिल्यापासून निदान तीन कामाचे दिवस त्याच अटी कायम ठेवाव्या लागतात. "आजच नाही केलं तर ऑफर जाईल" म्हणाले तर केएफएसवरची मुदत दाखव. साडेआठ आणि एपीआर यांच्यात किती फरक आहे ते बघ आणि तो कशामुळे पडला ते ओळीनुसार विचार. रेपोवर स्प्रेड, म्हणजे बँकेने वर लावलेला जादा दर, किती आणि तो कधी बदलू शकतात, हेही लेखी घे. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत द्यायची असतात, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. हे तेव्हा माझ्या लक्षात नसेल म्हणून आत्ताच लिहून ठेवते.

डब्यात तिळाच्या वड्या पाठवल्यात, पाकातल्या, निखिलला गुळाच्या आवडत नाहीत त्याच्यासाठी वेगळ्या. त्याच्या आईंच्या गुडघ्याचं काय ठरलं ते कळव. केएफएस आला की फोटो पाठव, रात्री अकरापर्यंत मी जागी असते.

तुझी,
आई

ता. क. मघाशी मांडून पाहिलं, बावीस वर्षांना हप्ता ५०,३०४ येतो. मी काही म्हणत नाही, नुसतं सांगितलं.