बंदीच्या बातमीत समुद्रापलीकडचा नकाशाही छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कांद्यावर निर्यातबंदी आली, शुल्क लागले किंवा उठले की आपल्या नाशिक आवृत्तीत पहिल्या पानावर लासलगाव-पिंपळगावचे भाव येतात, बंद पडलेल्या लिलावांची छायाचित्रे येतात, मुंबई-आग्रा महामार्गावरच्या रास्ता रोकोची बातमी येते. हे सगळे छापलेच पाहिजे. पण तो कांदा जिथे जायचा होता तिथे काय झाले, हे मला आपल्या पानांत कधी वाचायला मिळाले नाही. म्हणून हे पत्र.

मी एका कांदा निर्यातदाराकडे कागदपत्रांचे काम करते. शिपिंग बिल (निर्यातीचा सीमाशुल्क कागद), फायटोसॅनिटरी दाखला (माल कीड-रोगमुक्त असल्याचा), बिल ऑफ लेडिंग (जहाजात माल चढवल्याची पावती). श्रीलंकेतले कोलंबो, मालदीवचे माले, मॉरिशसचे पोर्ट लुई ही नावे माझ्या टेबलावरून सतत जातात. कार्यालय खळ्याला लागूनच आहे. तिथे बायका कांदा निवडत असतात: मोड आलेला बाजूला, दुभाळका म्हणजे जोडकांदा बाजूला, गोल्टी म्हणजे बारीक कांदा वेगळा, उरलेला मापाप्रमाणे जाळीच्या गोणीत. लाल कांद्याच्या दिवसांत त्यांचे हात जास्तच भराभर चालतात, कारण तो उन्हाळ कांद्यासारखा साठवणुकीच्या कांदाचाळीत महिनोन्महिने राहत नाही. ८ डिसेंबर २०२३ ची बंदी आली ती नेमकी या लाल कांद्याच्या हंगामात. त्याच दिवसांत कोलंबोच्या एका खरेदीदाराचा फोन आला. त्याने भाव विचारलाच नाही. म्हणाला, पुढच्या वर्षीही असेच होणार असेल तर आत्ताच सांगा, मी दुसरीकडे सौदा बांधून घेतो.

त्याचा राग समजायचा असेल तर त्याच्यासारख्या खरेदीदारांच्या देशांचा भूगोल आणि इतिहास माहीत हवा, आणि तो सांगण्याचे काम वर्तमानपत्राचे आहे असे मी मानते.

मालदीव घ्या. सुमारे १,१९० बेटे, सगळी प्रवाळाची. नैसर्गिक जमीन समुद्रसपाटीपासून कुठेही अडीच मीटरच्या वर जात नाही. सगळ्या बेटांची मिळून जमीन जेमतेम ३०० चौरस किलोमीटर, म्हणजे नाशिक महापालिकेच्या हद्दीहून थोडीशीच जास्त. नदी एकही नाही, डोंगर नाही. पावसाचे पाणी प्रवाळाच्या वाळूत झिरपते आणि खालच्या खाऱ्या पाण्यावर गोड्या पाण्याचा पातळ थर होऊन राहते. शतकानुशतके लोक विहिरी खणून तेच प्यायले. मालेत वस्ती दाटली, उपसा वाढला, थर खारावला. आता राजधानी समुद्राचे पाणी गोडे करून पिते. डिसेंबर २०१४ मध्ये त्या प्रकल्पात आग लागली तेव्हा भारताने विमानांनी आणि नौदलाच्या जहाजांनी पाणी पोचवले होते.

अशा जमिनीत भात होत नाही, मग कांद्याची काय कथा! मध्ययुगात मालदीवची कवडी बंगालमध्ये नाणे म्हणून चालायची आणि तिच्या बदल्यात तिकडून जहाजे भरून तांदूळ यायचा. चौदाव्या शतकात तिथे काझी म्हणून राहिलेल्या इब्न बतूताने हा व्यवहार लिहून ठेवला आहे. आपल्याकडचे आराधी आणि गोंधळी कवड्यांची माळ घालतात. ही शिंपली याच समुद्रातली. अन्नासाठी मुख्य भूमीकडे पाहणे ही त्या बेटांची कालपरवाची अडचण नाही, त्यांचे सगळे जगणेच त्यावर उभे आहे.

एप्रिल २०२४ मध्ये, आपल्याकडे बंदी चालू असताना आणि दोन्ही सरकारांत तणाव असताना, १९८१ च्या व्यापार करारानुसार भारताने मालदीवला त्या आर्थिक वर्षासाठी ३५,७४९ टन कांदा मंजूर केला. त्याच यादीत तांदूळ, गव्हाचे पीठ, अंडी होती आणि दहा-दहा लाख टन खडी व नदीची वाळूसुद्धा होती. घर बांधायला खडीही बाहेरून आणावी लागते असा तो देश आहे. ही यादी जशीच्या तशी छापली असती तरी वाचकाला मालदीवचा अर्धा भूगोल कळला असता.

श्रीलंकेची गोष्ट वेगळी. तिथे शेती आहे, दंबुल्ला-मातले भागात मोठा कांदाही पिकतो, पण देशाला पुरत नाही. धनुष्कोडी ते तलैमन्नार अंतर तीसेक किलोमीटर, मधला समुद्र उथळ. हिमयुगात समुद्राची पातळी सुमारे १२० मीटर खाली गेली होती तेव्हा ही दोन्ही एकच जमीन होती. १९१४ मध्ये पांबनचा पूल झाल्यावर मद्रासहून आगगाडीने धनुष्कोडी, तिथून आगबोटीने तलैमन्नार आणि पुन्हा आगगाडीने कोलंबो असे जाता येत असे. डिसेंबर १९६४ च्या चक्रीवादळात धनुष्कोडी उद्ध्वस्त झाले. पुढे रामेश्वरमहून सुटणारी बोटही यादवी युद्धात बंद पडली.

या जवळिकीतच अवलंबित्व वाढले. इंग्रजांनी लंकेच्या डोंगरांत आधी कॉफी लावली. १८६९ पासून तांबेरा या पानांवरच्या रोगाने ती पोखरली, मग चहा आला. मळ्यांवर तमिळ मजूर आणले आणि त्यांच्या पोटासाठी तांदूळ भारतातून व ब्रह्मदेशातून. निर्यातीची पिके जोमात, ताटातले धान्य बाहेरचे. १९४२ मध्ये जपानने ब्रह्मदेश घेतला आणि हा तांदूळ थांबला.

दहा वर्षांनी, कोरियन युद्धाच्या काळात, तांदूळ महाग आणि दुर्मीळ झाला, रबराचा भाव मात्र पडला. सिलोनमध्ये (श्रीलंकेचे तेव्हाचे नाव) तेव्हा पाश्चात्त्यांकडे झुकलेले सरकार होते. तरीही त्याने डिसेंबर १९५२ मध्ये कम्युनिस्ट चीनशी पाच वर्षांचा करार केला: दरवर्षी २ लाख ७० हजार टन तांदूळ घ्यायचा, ५० हजार टन रबर द्यायचे. अमेरिकेची नाराजी ओढवली, मदत थांबली, तरी करार टिकला. आज श्रीलंकेतल्या चीनबद्दल लिहिताना आपले अग्रलेख चिनी कर्जातून तिथे उभ्या राहिलेल्या हंबनटोटा बंदरापासून सुरू होतात. माझ्या मते सुरुवात १९५२ च्या तांदळापासून व्हायला हवी. जो देश बेट आहे, त्याच्या ताटात कोण वाढतो हे तिथला माणूस विसरत नाही. आपण २०१९, २०२० आणि २०२३ मध्ये अचानक बंदी घातली. मधल्या काळात पाकिस्तान, चीन आणि इजिप्तच्या कांद्याने आपली जागा घेतली.

मॉरिशस शेजारी म्हणण्याइतका जवळ नाही, पण नात्याने परकाही नाही. उसासाठी १८३४ पासून तिथे करारावर नेलेल्या भारतीय मजुरांत रत्नागिरीकडची, कोकणातली मराठी कुटुंबेही होती. गणेश चतुर्थीला तिथे सार्वजनिक सुट्टी असते. एप्रिल २०२४ मध्ये सरकारने ९९,१५० टन कांद्याची निर्यात सहा देशांपुरती खुली केल्याचे सांगितले, त्यांत श्रीलंकेबरोबर मॉरिशसचेही नाव होते. आपल्याकडे त्या दिवशी चर्चा झाली ती फक्त आकडा अपुरा असल्याची. आकडा अपुरा होताच. पण तिकडच्या स्वयंपाकघरांतही तो अपुराच होता. निफाडचा कांदा उत्पादक आणि मालेतली गृहिणी यांचे हित एकच आहे, बंदीचा चटका दोघांनाही बसतो, आणि आपल्या बातम्यांत या दोघांची गाठ कधी पडत नाही.

माझी मागणी साधी आहे. कांद्याच्या बाजारभावाच्या रोजच्या चौकटीशेजारी आठवड्यातून एकदा कोलंबो, माले आणि पोर्ट लुईचे भाव द्या. पुढची बंदी किंवा शुल्कवाढ येईल तेव्हा बातमीबरोबर मुंबईजवळचे न्हावा-शेवा आणि तमिळनाडूतले थुथुकुडी या बंदरांहून या तीन बंदरांपर्यंतचा नकाशा छापा, त्यावर अंतरे लिहा, आणि त्या-त्या देशात काय पिकते, काय पिकत नाही, हे दोन ओळींत सांगा. लागणारी बंदरांची व जहाजमार्गांची माहिती मी आपल्या वार्ताहराला आनंदाने समजावून देईन. लाल कांदा बाजारात येण्याच्या आत हे सुरू झाले तर फार बरे होईल.

आपली नियमित वाचक,
इंदिरानगर, नाशिक