ऑर्गनवाला मेसियाँ आणि आपला देवगिरी

संपादक साहेब, नमस्कार.

पुरवणीत पाश्चात्य संगीत म्हटलं की दरवेळी बाख नाहीतर मोझार्ट, एकदा फ्रान्सचा संगीतकार ऑलिव्हिए मेसियाँ (1908-1992) याच्यावर पण छापा की. ऑर्गन म्हणजे आपल्याला संगीत नाटकातला पायानं हवा मारायचा आठवतो, हा बाबा पॅरिसच्या ट्रिनिटी चर्चमधला भलामोठा पाइपांचा ऑर्गन 1931 पासून 60 वर्षं वाजवत होता, आणि भारी म्हणजे त्याच्या तालांचा धागा थेट आपल्या देवगिरीला पोचतो! यादवांकडच्या शार्ङ्गदेवानं 13व्या शतकात संगीतरत्नाकरात 120 देशी ताल लिहून ठेवलेत ना, त्यातले यानं आपल्या रचनांत वापरले. इथं तबला शिकणाऱ्या पोरांना शार्ङ्गदेव कोण विचारा, तोंडाकडं बघत बसतात, जाऊ दे.

1940 मध्ये जर्मनांनी पकडलं तर कैदेतच यानं व्हायोलिन, चेलो, क्लॅरिनेट, पियानो असं चौघांसाठी लिहिलं आणि 15 जानेवारी 1941 ला कडाक्याच्या थंडीत कैद्यांसमोर वाजवलं, पियानो पण धड नव्हता म्हणे. शिवाय रानात बसून पक्ष्यांचे आवाज वहीत स्वरांत उतरवायचा. आपल्या नान्नजच्या माळावर आला असता तर चंडोल ऐकत दिवसभर हलला नसता.

लेख आला तर कात्रण नक्की ठेवीन.

एक जुना वाचक, सोलापूर